शेवटच्या कडव्यातलं नाव

महाडच्या एमआयडीसीत पाळीची नोकरी आणि गणपतीत बाल्या नाचाची गाणी, असं माझं वर्षानुवर्षं चाललंय. आम्ही वीरचे तुरेवाले. सामन्यात तुरेवाल्यांनी शिवाची बाजू घ्यायची, शक्तीवाल्यांनी पार्वतीची. आधी गण, मग गवळण, मग समोरच्याला सवाल. आणि प्रत्येक गाण्याच्या शेवटच्या कडव्यात गुरूचं नि कवीचं नाव गुंफायचं. त्यातलं माझं नाव एक दिवस परळच्या दामोदर नाट्यगृहाबाहेरच्या फलकावर लागेल, असं मला पंचविशीत खात्रीने वाटायचं.

मग तिथला एक सामना ऐकला. शक्तीवाल्या शाहिराने पुराणातला सवाल उभ्या उभ्या पद्यात बांधला आणि तुरेवाल्याने ढोलकी थांबायच्या आत त्याला उत्तर दिलं. मला असं उत्तर सुचायला अख्खी रात्रपाळी लागते. दिवा-सावंतवाडी पॅसेंजरने परतताना वीर येईपर्यंत मी गप्प होतो. कोणी हरवलं असतं तर ईर्ष्या तरी वाटली असती. इथे मी स्पर्धेतच नव्हतो.

लिहिणं सोडलं असतं, पण वाडीला दर भाद्रपदात नवा गण लागतोच. जुना म्हटला की पोरं तोंडं वाकडी करतात. चाल बहुतेक एखाद्या चालू सिनेमाची. त्यात शब्द बसवायचे, नाचणाऱ्यांचा दम कुठे तुटतो ते बघून ओळ आखूड करायची. हे काम मला बरं जमतं. एवढंच जमतं, असंही म्हणता येईल.

2021 च्या जुलैत महाड पाण्यात गेलं, तळिये गावावर दरड कोसळली. त्या वर्षी मंडळाने पुरावरच गाणं मागितलं. सावित्री नदीला देवीबिवी करायला मला सुचेना. मग चिखलात काय काय सापडलं तेच ओळीने लिहिलं: उधारीच्या वह्या, शाळेची दप्तरं, फुगून दार न लागणारी कपाटं. अलंकार एकही नाही. अंगणात म्हटलं तेव्हा मृदंगाचा ठेका तेवढा चालू राहिला, बाकी कोणी हूं का चूं केलं नाही. नंतर एका म्हातारीने वह्यांचं कडवं पुन्हा म्हणायला लावलं. तिचं किराणा दुकान होतं.

पुढच्या वर्षी पोलादपूरकडच्या एका वाडीत तेच गाणं कानावर आलं. शब्द माझेच, शेवटच्या कडव्यात नाव मात्र त्यांच्या शाहिराचं. आमची पोरं भांडायला उठली. मी त्यांना खाली बसवलं. खरं सांगायचं तर मला मनातून गुदगुल्या होत होत्या. माझं गाणं कुणाला चोरावंसं वाटेल, हे मी कधी धरलंच नव्हतं. शिवाय त्यांनी दुसऱ्या कडव्यात दोन मात्रा कमी केल्या होत्या, तिथे आमच्या पोरांना नेहमी धाप लागायची.

आता आम्हीही ते तसंच म्हणतो.