मागे उभी राहणारी

खो-खोच्या सामन्याचे वृत्त मराठी वर्तमानपत्रांत ज्या पद्धतीने छापले जाते ती पद्धत मला नेहमीच न्याय्य वाटत आली आहे. कोणी किती गडी बाद केले हे त्यात असतेच. पण अमकीने दोन मिनिटे दहा सेकंद संरक्षण केले, तमकी दीड मिनिट नाबाद राहिली, हेही तेवढ्याच इतमामाने नोंदलेले असते. टिकून राहणे ही मोजण्याजोगी कामगिरी आहे, हे या खेळाने मुळातच मान्य केले आहे. १९१४ साली पुण्याच्या डेक्कन जिमखान्यावर या खेळाच्या नियमांना आकार येऊ लागला. जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीत पहिला विश्वचषक झाला आणि प्रियांका इंगळेच्या नेतृत्वाखाली भारतीय महिलांनी नेपाळला ७८-४० असे हरवले. खेळ पुष्कळ बदलला, वेगवान झाला, मातीवरून मॅटवर आला. पण संरक्षणाचा हिशेब ठेवण्याची रीत सुटली नाही. कबड्डीतही पकडीला गुण आहे.

फुटबॉलमध्ये असे काही नाही. बचावपटूच्या नावापुढे, तिने आयुष्यभर उत्तम खेळ केला तरी, रिकामी जागा असते. तिचा सर्वोत्तम सामना शून्य-शून्य असा संपतो आणि प्रेक्षक कंटाळून घरी जातात. त्यातही एक बारकावा आहे. आपल्याला टीव्हीवर जे दिसते, म्हणजे झेप घेऊन, घसरत जाऊन चेंडू हिसकावून घेणे, ते पुष्कळदा आधीची एखादी गोष्ट बिघडल्याचे चिन्ह असते. मधल्या बचावपटूचे खरे काम त्याच्या चार-पाच सेकंद आधी होऊन गेलेले असते. तिने दोन पावले डावीकडे सरकून चेंडू देण्याची वाटच बंद केलेली असते. किंवा शेजारणीला हाक मारून सगळी फळी एकदम पुढे घेतलेली असते आणि प्रतिस्पर्धी आक्रमक ऑफसाइडमध्ये अडकलेली असते. म्हणजे जे घडले नाही ते तिने घडवलेले असते. न घडलेल्या गोष्टीचे छायाचित्र निघत नाही.

हे सगळे लिहिताना माझ्या डोळ्यांसमोर आहे ती लोइतोंगबाम आशालता देवी. मणिपूरची, जन्म १९९३ चा, भारतीय महिला संघाची दीर्घकाळ कर्णधार आणि बचावफळीचा कणा. २०१९ मध्ये आशियातील वर्षातील सर्वोत्तम महिला फुटबॉलपटूच्या पुरस्कारासाठी जी अखेरची तीन नावे उरली त्यांत तिचे नाव होते. पुरस्कार जपानच्या साकी कुमागाईला मिळाला. तीही बचावपटू, हे मला विशेष वाटते. १७ ऑक्टोबर २०२४ रोजी काठमांडूत पाकिस्तानविरुद्ध खेळताना आशालताने शंभरावा आंतरराष्ट्रीय सामना पूर्ण केला. हा टप्पा गाठणारी ती पहिली भारतीय महिला. त्याच सामन्यात बाला देवीने आपला पन्नासावा आंतरराष्ट्रीय गोल केला. भारताने ५-२ असा विजय मिळवला. पन्नास गोल म्हणजे काय ते सांगावे लागत नाही. शंभर सामने मागे उभे राहणे म्हणजे काय हे मात्र सांगत बसावे लागते.

परंतु तिच्या कारकिर्दीतले जे वर्ष मला सर्वांत जास्त अस्वस्थ करते ते २०२२. त्या वर्षी आशियाई महिला चषक स्पर्धा आपल्या महाराष्ट्रात भरली होती, मुंबई, नवी मुंबई आणि पुणे येथे. २० जानेवारीला नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर भारत विरुद्ध इराण हा सामना झाला. निकाल शून्य-शून्य. भारताने संधी दवडल्या म्हणून सर्वत्र हळहळ झाली. आशालता आणि तिच्या जोडीदारणींनी नव्वद मिनिटे काही आत येऊ दिले नाही याची दखल हळहळीच्या तळाशी एखाद्या ओळीत. तीन दिवसांनी, २३ तारखेला, चिनी तैपेईविरुद्धचा सामना होता. पण संघात कोविडची इतकी लागण झाली होती की मैदानात उतरवण्यापुरत्या खेळाडू उरल्या नाहीत. नियमानुसार भारताने स्पर्धेतून माघार घेतली असे मानले गेले आणि त्याचा झालेला सामनाही रद्दबातल ठरला. एरवीच नोंद न होणारे काम, आणि ज्या एका शून्याच्या रूपाने ते उरले असते ते शून्यही पुसले गेले! ही स्पर्धा विश्वचषकाच्या पात्रतेचीही वाट होती. ती वाट घरच्या अंगणात बंद झाली.

त्याच वर्षाच्या ऑगस्टमध्ये आशालताचा गोकुलम केरळ हा क्लब आशियाई क्लब स्पर्धेसाठी ताश्कंदला पोहोचला, आणि तिथे पोहोचल्यावर कळले की जागतिक महासंघाने भारतीय महासंघाला निलंबित केले आहे. संघ न खेळता परतला. निलंबन २६ ऑगस्टला उठले. तोपर्यंत उशीर झाला होता. दोन्ही वेळी चूक खेळाडूंची नव्हती. अर्थात या दोन प्रसंगांच्या मधोमध एक मे महिना होता. भुवनेश्वरला भारतीय महिला लीगच्या निर्णायक सामन्यात सेतू एफसीने आरंभीच गोल केला, तेव्हा पेनल्टी घेऊन बरोबरी साधली ती आशालतानेच. पुढे आणखी दोन गोल झाले आणि गोकुलमने ३-१ ने विजेतेपद राखले. मागची माणसे कधीमधी पुढे जातात. मग मात्र ती लगेच दिसतात.

या ठिकाणी घरातल्या बाईच्या अदृश्य कामाची उपमा देण्याचा मोह होतो. आमच्या समीक्षेत ती उपमा आता इतकी झिजली आहे की कोणत्याही संदर्भात चिकटते. मला ती इथे पटत नाही. बचावपटूने आपली जागा निवडलेली असते, ती त्यासाठी सराव करते, आणि मुख्य म्हणजे तिला त्याचे पैसे मिळतात. निदान मिळायला हवेत. प्रश्न तिथेच आहे. भारतीय महिला १९८० च्या आणि १९८३ च्या आशियाई स्पर्धांत उपविजेत्या होत्या. २००९ मध्ये त्याच देशाचा संघ पुरेसे सामने न खेळल्यामुळे जागतिक क्रमवारीतून वगळला गेला. राष्ट्रीय लीग सुरू झाली ती २०१७ च्या जानेवारीत. आणि २०२३ मध्ये महासंघाने ठरवले की लीगमधल्या प्रत्येक क्लबने किमान दहा भारतीय खेळाडूंना वर्षाला किमान ३ लाख २० हजार रुपयांचा करार द्यावा.

हा आकडा मला पाठ आहे, त्याला कारण घडले. महागावात फुटबॉलची परंपरा अशी नाही. नागपूर-तुळजापूर रस्त्यावरचे हे तालुक्याचे गाव; भोवती कापूस, सोयाबीन आणि तांडे. आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेसाठी संघ उभा करायचा झाला की खो-खोच्याच मुली फुटबॉलला उतरवल्या जातात. त्यांतली एक, खो-खोत सहज तीन मिनिटे हाती न लागणारी, बचावात उभी केली गेली आणि तिथेच रमली. पुढे नागपूरला राहून सराव करण्याची संधी तिच्यापुढे आली. नागपूर म्हटले की 'झुंड' चित्रपट आणि विजय बारसे यांचे झोपडपट्टीतल्या मुलांसोबतचे काम आठवते. तिच्या वडिलांना त्यातले काही ठाऊक नव्हते. ते मला भेटायला आले, कारण मी त्यांच्या मुलीला मराठी शिकवते आणि फॉर्म मी भरून दिला होता. म्हणाले, "मॅडम, गोल करनारीले लोक वळखतात. हे तं मांगंच उभी रायते. इले कोन पाहीन?"

मी त्यांना आशालताचे सांगितले, शंभर सामन्यांचे सांगितले. २०२५ च्या जुलैत चियांग मायला थायलंडला २-१ ने हरवून आपल्या मुली पहिल्यांदाच पात्रता फेरी खेळून आशियाई स्पर्धेत पोहोचल्या, हेही सांगितले. दोन्ही गोल संगीता बासफोरचे होते, आणि मागे कोण होते हे विचारले असते तर मला आठवून सांगावे लागले असते. त्यांनी विचारले नाही. शेवटी मी ३ लाख २० हजारांचा आकडा सांगितला. हा लीगच्या क्लबांचा आकडा आहे, तिथवर पोहोचणाऱ्या मुली थोड्या, आणि गुडघा गेला तर काहीच नाही, हेही त्याच दमात सांगितले. आमच्यासारख्या तासिका तत्त्वावर शिकवणाऱ्या अनेकांच्या वर्षाच्या मानधनाहून ही रक्कम मोठी आहे, एवढे मात्र मनातच ठेवले.

ते बराच वेळ बसून राहिले. मग त्यांनी विचारले की वसतिगृहाचे पैसे एकरकमी भरावे लागतात की हप्त्याने चालते, कारण कापूस दिवाळीनंतरच विकला जाईल.