कॅरेटभर टोमॅटो आणि दारचा मरवा

नारायणगाव,
4 डिसेंबर

चि. सई हिस,


तळमजल्याच्या घराबरोबर तुला अंगणाचा एक तुकडा मिळाला, त्यात तू बेझिल, थाइम, पार्सली लावलंस आणि आता टोमॅटोचा सॉस घरीच करणार आहेस, हे ताईकडून कळलं. फोनवर तू नुसती कृती मागितलीस. कृती पाच ओळींत संपते. पण सॉस चांगला होतो तो त्या पाच ओळींबाहेरच्या गोष्टींमुळे, म्हणून सविस्तर लिहायला बसले.

आपल्याकडे सॉस म्हटलं की बाटलीतला गोडसर सॉस डोळ्यांपुढे येतो. साखर, व्हिनेगर, लवंग-दालचिनीची पुरचुंडी आणि शेवटी चिमूटभर सोडियम बेन्झोएट. महिला मंडळाच्या वर्गांतून हा सॉस आमच्या पिढीच्या घराघरांत गेला आणि सामोसा-कटलेटसोबत तो हवाच. तुला हवा आहे तो जेवणातला सॉस, पास्त्यात घालायचा, पिझ्झ्यावर पसरायचा. त्यात टोमॅटो, तेल, मीठ, लसूण किंवा कांदा, आणि वासाचा ताजा पाला. बस. जिनसा इतक्या थोड्या असल्या की एखादीही कमअस्सल असून चालत नाही.

तर पहिला टोमॅटो. इटलीत नेपल्सजवळ व्हेसुव्हियसच्या पायथ्याच्या मैदानात सान मार्झानो नावाचा लांबट टोमॅटो पिकतो. गर जास्त, बिया कमी, आंबटपणा बेताचा. आपल्या बाजारात तो नाही आणि त्यासाठी डबाबंद परदेशी टोमॅटो आणावेत असं मला मुळीच वाटत नाही. आपले संकरित लांबट टोमॅटो गराला चांगले असतात. त्यांची अडचण एवढीच, की लांबच्या बाजाराला जायचे म्हणून ते रंग पालटू लागताच तोडतात. म्हणून आणल्याबरोबर शिजवू नकोस. टोपलीत एक थर करून, देठ खाली ठेवून, दोन-तीन दिवस बाहेरच राहू दे. फ्रीजमध्ये अजिबात नको; थंडीत टोमॅटोचं पिकणं थांबतं आणि वासही मरतो. देठाकडचा पिवळा खांदा गेला, बोटाने दाबल्यावर जरा दबला आणि देठाशी नाक नेल्यावर वेलीचा हिरवा वास आला, की तो तयार झाला. जमलं तर चार लांबट टोमॅटोंमागे एक गावठी, चपटा, आंबट टोमॅटो टाक. नुसत्या लांबट टोमॅटोंचा सॉस दाट होतो, पण चवीला मुका राहतो.

आता शिजवणं. रुंद तोंडाचं, जाड बुडाचं स्टीलचं पातेलं घे. ॲल्युमिनियम आणि लोखंड दोन्ही नको, टोमॅटोच्या आंबटाने त्यांची चव उतरते. टोमॅटो कच्चे मिक्सरमधून काढून मग शिजवायचे, असं बऱ्याच जणी करतात. ते टाळ, आणि का ते सांगते. कच्चा टोमॅटो फुटला की त्याच्यातलीच काही विकरं मोकळी होऊन पेक्टिन तोडायला लागतात, आणि सॉसला दाटपणा देतं ते पेक्टिनच. मग तासभर आटवलं तरी ताटात एकीकडे गर आणि एकीकडे पाणी. शिवाय मिक्सरमध्ये हवा भरून लाल रंगाचा गुलाबी होतो आणि बिया भरडल्या जाऊन कडसर चव येते. म्हणून पातेलं आधी तापव, मूठभर टोमॅटोच्या फोडी टाक, त्या खदखदल्या की पुढची मूठ. गरम पातेल्यात पडलेल्या फोडीतली विकरं काम सुरू करण्याआधीच निकामी होतात. भारतातला असो की इटलीतला, टोमॅटोचा दाट लगदा करणाऱ्या अनेक कारखान्यांत याच तत्त्वावर काम चालतं.

फोडी मऊ झाल्या की पुरणयंत्र काढ. खरंच सांगते, या कामाला त्याच्यासारखं साधन नाही. इटलीतल्या बायका टोमॅटोसाठी जे हातयंत्र वापरतात, ते पाहिलंस तर ओळखीचं वाटेल. तीच जाळी, तीच फिरती पाती, तीच मूठ. बारीक भोकांची जाळी लाव. वर सालं आणि बिया राहतात, खाली नितळ, रेशमासारखा गर पडतो. राहिलेला चोथा उलटा-सुलटा फिरवून पुन्हा एकदा काढ, सालीजवळचा गर सर्वांत लाल असतो.

मग दुसऱ्या पातेल्यात तेल. कच्च्या घाणीचं शेंगदाणा तेल आपल्या भाज्यांना उत्तम, पण इथे त्याचा वास टोमॅटोवर बसतो. ऑलिव्ह परवडत असेल तर ते, नाहीतर सूर्यफुलाचं. लसणाच्या पाकळ्या नुसत्या ठेचून मंद आचेवर सोड, सोनेरी होऊ देऊ नकोस, वर गर ओत, मीठ घाल आणि झाकण न ठेवता आटव. टोमॅटोत शंभरात चौऱ्याण्णव-पंचाण्णव भाग पाणीच असतं, म्हणून रुंद पातेल्याचा आग्रह. पाणी लवकर उडतं आणि गर जास्त वेळ शिजून त्याचा ताजेपणा जात नाही. तीन किलोंतून सव्वा-दीड लिटर झाला की पुरे. खूण अगदी आपल्या रश्श्याची, कडेने तेल सुटलं पाहिजे. टोमॅटोचा लाल रंग, लायकोपीन, तेलात उतरतो, त्यामुळे सुटलेलं तेल केशरी दिसतं. मार्सेला हझान या इटालियन बाईंच्या 1973 साली इंग्रजीत निघालेल्या पाकपुस्तकाने अमेरिकेला इटलीचं घरगुती जेवण शिकवलं. त्यांचीही हीच खूण आहे. त्यांचा सर्वांत गाजलेला सॉस तर टोमॅटो, लोणी आणि मधोमध चिरलेला एक कांदा, एवढ्यावरच होतो. शेवटी कांदा काढून टाकतात. लसूण नको असेल त्या दिवशी तो कर.

आता पाला. इथे मला तुझ्याशी खरं बोलायचं आहे, कारण तू पाकिटातली 'मिक्स्ड हर्ब्स' पण आणून ठेवली आहेस म्हणे. ती सॉसमध्ये घालू नकोस. अंगणात पाला असताना वाळलेला चुरा घातलास तर सगळे सॉस एकाच चवीचे होतील.

तुझं बेझिल आणि आपला सब्जा एकाच जातीची झाडं आहेत. उन्हाळ्यात फालुद्यात ज्याचं बी भिजवून घालतो, तोच सब्जा. बेझिलचं पान रुंद आणि गोडसर वासाचं, सब्जाचं अरुंद आणि तिखट वासाचं, म्हणून सब्जा घालशील तेव्हा निम्मा घाल. तुळस मात्र वेगळी. तिच्यात लवंगेचा वास आहे, शिजल्यावर ती कडवट होते. वृंदावनातली तुळस वृंदावनातच राहू दे. बेझिल आणि सब्जा दोघांनाही मंजिरी दिसली की लगेच खुडायची; फुलोरा आला की पानं जून आणि उग्र होतात. खुडलेल्या जागेखालून दोन फांद्या फुटतात, झाड पसरतं.

मरवा तर तुला लहानपणापासून माहीत आहे, मोगऱ्याच्या गजऱ्यात मधूनमधून गुंफलेला तो राखाडी-हिरवा पाला. तो ओरेगॅनोच्या कुळातलाच आहे, त्याहून मवाळ. पुण्यात फुलवाल्यांकडेही त्याची जुडी मिळते, पण फुलांच्या बाजारातला पाला खाण्यासाठी पिकवलेला नसतो, त्यावर काय फवारलं असेल कळत नाही. कुंडीत स्वतःचाच लाव. आणि पानओवा. आपण ज्याच्या पानांची भजी करतो, मुलांना खोकला झाला की ज्याचा रस मधातून देतो, त्याचा वास ओरेगॅनो-थाइमच्या इतका जवळ का आहे माहीत आहे? ज्या द्रव्यांनी त्यांना वास येतो, तीच थायमॉल आणि कार्व्हाक्रॉल याही पानात आहेत. म्हणजे पावसाळ्यात तुझं थाइम कुजलं (आपल्या पावसात ते कुजतंच, त्याच्या मुळांना पाणी साचलेलं सोसत नाही), तरी कोपऱ्यातला पानओवा जोमात असतो. तीन किलो टोमॅटोला एक पान, फार तर दोन. जास्त घातलंस तर काढा होईल.

घालायची वेळही पाल्याच्या अंगावर ठरते. मरवा, थाइम, पानओवा यांची पानं तेलकट, त्यांचा वास उकळी सोसतो. ती गराबरोबर सुरुवातीलाच पडली पाहिजेत. बेझिल, सब्जा, पार्सली कोवळी. त्यांचा वास दहा मिनिटांत वाफेबरोबर उडतो. गॅस बंद केल्यावर ती हाताने तोडून टाक आणि झाकण ठेव. सुरीने बारीक चिरलीस तर कडा काळ्या पडतील. आणि एका सॉसला एकच पाला मुख्य ठेव, दुसरा त्याच्या मागे. चार प्रकार एकत्र घातले की एकाचाही वास लागत नाही.

हे सगळं परकं वाटत असेल तर एक गंमत वाच. इटलीत टोमॅटोच्या सॉसची जी सर्वांत जुनी कृती छापलेली सापडते, ती सतराव्या शतकाच्या अखेरीस नेपल्समध्ये आन्तोनियो लातिनी या खानसाम्याने लिहिली. टोमॅटो निखाऱ्यावर भाजायचे, साल काढायची, बारीक करायचे, त्यात कांदा, मिरची, थाइम, मीठ, तेल, व्हिनेगर. पास्त्याचं नावही नाही. आजीची चुलीत भाजलेल्या टोमॅटोची चटणी यापेक्षा कितीशी वेगळी होती? पुढे 1891 साली पेल्लेग्रीनो आर्तुझीच्या पुस्तकात कांदा, लसूण, सेलरी, बेझिल, पार्सली घातलेला सॉस येतो. टोमॅटो आणि मिरची, दोन्ही अमेरिका खंडातून निघाली आणि नेपल्सलाही पोचली, जुन्नरलाही.

आता साठवण. इथे हयगय नको. दक्षिण इटलीत ऑगस्टमध्ये घरची सगळी माणसं मिळून वर्षाचा सॉस बाटल्यांत भरतात, प्रत्येक बाटलीत बेझिलचं एक पान टाकतात आणि पिंपात बाटल्या उकळतात. ते पाहून तुलाही बरण्या भरून फळीवर मांडाव्याशा वाटतील. पण आंबटपणाचा पीएच 4.6 च्या वर गेला, तर हवाबंद बाटलीत बोट्युलिझमचे जंतू वाढू शकतात. त्यांचं विष जिवावर बेततं आणि ते झाल्याचं वासावरून, चवीवरून कळेलच असं नाही. पिकलेल्या टोमॅटोचा पीएच 4.3 ते 4.9 च्या दरम्यान असतो, म्हणजे नेमका सीमेवर, आणि कांदा, लसूण, पाला घातला की तो आणखी वर सरकतो. बरणीत भरायचाच असेल तर नुसता गर भर, लिटरला अर्धा छोटा चमचा सायट्रिक ॲसिड (वाण्याकडे लिंबूफूल म्हणून मिळतं) घाल आणि बाटल्या उकळण्याचे नियम नीट वाचून पाळ. माझं मत विचारशील तर फ्रीजर. गार झालेला सॉस एका जेवणापुरत्या डब्यांत भर, वर बोटभर जागा सोड, गोठताना तो फुगतो. फ्रीजमध्ये चार-पाच दिवस, फ्रीजरमध्ये सहा महिने. लसूण आणि पाला तेलात बुडवून बाहेर ठेवायची जी पद्धत दिसते, ती मात्र कधीच नको. धोका तोच आहे.

शेवटचं, आणि हे मनापासून. 2021 च्या ऑगस्टमध्ये किलोला दोन-तीन रुपये मिळेनात म्हणून नाशिककडच्या शेतकऱ्यांनी टोमॅटो रस्त्यावर ओतले. 2023 च्या जुलैत हाच टोमॅटो शंभरीच्या वर गेला आणि आमच्या नारायणगावच्या बाजारात वीस किलोंचं कॅरेट दोन हजारांच्या पुढे विकलं गेलं. महाग झाला की शहरात आठवडाभर ओरड होते. मातीमोल झाला की कुणाच्या जेवणाचं काही अडत नाही, म्हणून कुणी बोलत नाही. तुझा मामा बांबू, तार, सुतळी, फवारणी, तोडणीची मजुरी सगळं आधी घालून बसलेला असतो. भाव पडतो तेव्हा तोडणीची मजुरीही निघत नाही, आणि फळ नेमकं तेव्हाच सर्वांत पिकलेलं, सर्वांत रसाळ असतं. सॉस करायचा तो त्याच आठवड्यात.

तेव्हा मामाला फोन कर आणि भाव पडला की कॅरेट मागव. वीस किलो एका घराला फार होतात, म्हणून शेजारच्या दोघींनाही सांग. तिघी मिळून वाटून घ्या, तोडणीची मजुरी आणि भाडं धरून त्याला रास्त पैसे द्या, आणि डब्यांवर तारीख लिहायला विसरू नका.

तुझी,
मावशी