तलमडुगूचे कालमान

आदिलाबाद शहर मागे टाकून तलमडुगूच्या वाटेला लागले की दुतर्फा काळी जमीन आणि तीवर कपाशी, तूर, सोयाबीन यांची शेते दिसू लागतात. या जिल्ह्याच्या उत्तर सीमेवर पैनगंगा वाहते. तिच्या पलीकडे यवतमाळ. १ नोव्हेंबर १९५६ रोजी हैदराबाद राज्याची विभागणी झाली. तोपर्यंत आदिलाबाद जिल्ह्यात असलेला किनवटचा मुलूख मराठवाड्याबरोबर मुंबई राज्यात गेला आणि हा भाग आंध्र प्रदेशात आला. २ जून २०१४ पासून तो तेलंगणात आहे. राज्यांची नावे पालटली. येथील मराठी घरे मात्र जागची हलली नाहीत.

अलीकडच्या अद्भुत कथांचे लेखक दातेरी चक्रांवर चालणारी जगे कल्पितात आणि त्या जगांना नवी पंचांगेही रचून देतात. तलमडुगूच्या परिसरात हिंडताना आम्हांस वाटले की कल्पनेस इतके शिणविण्याचे कारण नाही. वर्ष केव्हा सुरू होते, हा साधा प्रश्न येथे विचारावा. उत्तरे अनेक मिळतात आणि त्यांतील एकही चुकीचे नसते.

मराठी घर म्हणते, चैत्र शुद्ध प्रतिपदेस. त्या दिवशी गुढी उभी राहते. शेजारचे तेलुगु घर त्याच दिवशी उगादी साजरी करते व कडुनिंबाची फुले, नवी चिंच, गूळ, कैरी, मीठ आणि तिखट यांची पच्चडी करते. दोन्ही घरांचा शक शालिवाहनाचा, महिना अमावास्येस संपणारा आणि संवत्सराचे नावही एकच. भाषा दोन असल्या तरी चंद्राचे चक्र एक आहे. आदिलाबादच्या कापूसपेठेतील मारवाडी व्यापारी मात्र दिवाळीस वहीपूजन करतो आणि त्याच्या गणनेत महिना पौर्णिमेस संपतो. म्हणून पोळ्याची अमावास्या आपल्या श्रावणाची, तर त्याच्या भाद्रपदाची. आकाशातला चंद्र तोच!

चांद्रवर्ष सौरवर्षाहून सुमारे अकरा दिवसांनी लहान. ही तूट अधिक मास भरून काढतो. २०२३ साली अधिक श्रावण आला होता तो यासाठीच. हिजरी गणनेत अशी भर नसल्याने मोहरम सर्व ऋतूंतून फिरतो. पेरणीस मात्र फिरता महिना उपयोगी नाही. शेतकरी पाहतो ते सूर्याचे नक्षत्र. जूनच्या पहिल्या पंधरवड्यात आमचा कुणबी म्हणतो ‘मृग लागला’. तेलुगु शेतकरी म्हणतो ‘मृगशिर कार्ते’, आणि त्या दिवशी तेलंगणात मासे खाण्याचा परिपाठ आहे. गोंडांचे मोठे पर्व पुष्य अमावास्येचे. मेस्राम कुळाचे लोक पायी जाऊन गोदावरीचे जल आणतात आणि इंद्रवेल्लीजवळच्या केस्लापूर येथे नागोबाची पूजा करतात. ही तिथी त्यांना कोणा छापील दिनदर्शिकेने शिकविलेली नाही.

या सर्वांत एक चक्र आता थांबले आहे, आणि आमच्या वाचकांनी विशेष लक्ष द्यावे ते त्याकडेच. ते म्हणजे फसली सन. ‘फसल’ म्हणजे पीक; सारावसुलीसाठी हा सन अकबराच्या काळी निघाला. दक्षिणेत तो मृगाशी जोडला गेला. पुढे निजामाच्या राज्यात त्याचे वर्ष ऑक्टोबरच्या आरंभी, आजुर महिन्यापासून मोजू लागले. आजुर, दै, बहमन, इस्फंदार, फरवर्दी अशी इराणी नावांची ती मालिका आबानला संपते. सप्टेंबर १९४८ मध्ये निजामी राजवट कोसळली, तेव्हा फसली १३५७ चालू होते.

या प्रदेशातून आलेल्या कित्येक मराठी कुटुंबांच्या पेटीत आजही जमिनीचे, वतनाचे, शाळेचे असे कागद आहेत. त्यांवर १३४७ असा आकडा दिसला आणि तो शक समजून कोणी त्यात ७८ मिळविले, तर आजोबांची शाळा इ. स. १४२५ मध्ये जाऊन बसेल! फसली सनात ऑक्टोबर ते डिसेंबर या काळासाठी ५९० आणि जानेवारीपासून पुढे ५९१ मिळवावे. म्हणजे फसली १३४७ हे १९३७-३८ चे वर्ष. बहमन महिन्यात डिसेंबर सरून जानेवारी लागतो. तेथे दिनांकही नीट पाहावा, नाहीतर वर्षाची चूक होते. वारसाच्या कामी एवढी चूकही भारी पडते. २०२३ साली महाराष्ट्रात कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला, तेव्हा निजामकाळचे उर्दू व मोडी कागद पुन्हा बाहेर काढावे लागले, हे सर्वांच्या स्मरणात असेल.

ज्यांनी शाळेत या महिन्यांची नावे घोकली, ती पिढी आता फार थोडी उरली आहे. गुढी आणि पोळा यांची काळजी आम्हांस वाटत नाही. ते हातांनी जपले जातात आणि मुले ते पाहून शिकतात. फसलीचे तसे नाही. तो केवळ वाचणाऱ्याच्या डोळ्यांत जगतो. म्हणून प्रत्येक कुटुंबाने आपले जुने कागद काढून मूळ दिनांक, त्याशेजारी इसवी दिनांक, अशी एक स्वच्छ यादी करावी. घरातल्या वडीलधाऱ्यांपाशी बसून ती तपासून घ्यावी आणि कागदांबरोबरच ठेवावी. नातवंडांना जमीन मिळो न मिळो, आपले पणजोबा कोणत्या साली कोठे होते, एवढे तरी त्यांना बिनचूक सांगता येईल.