काकांचा वाढदिवस

परवा १ जून झाला. आमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर त्या दिवशी एकदम सात जणांना शुभेच्छा जातात. तुमच्याकडेही असेच असणार! शाळा जूनमध्ये भरायची, मुलाची तारीख कुणाला ठाऊक नसायची, मग गुरुजी १ जून ठोकून द्यायचे. हीच माणसे ३१ मेला निवृत्त होतात, कारण एक तारखेला जन्मलेल्याची नोकरी आदल्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी संपते.

आमचे मोऱ्याचे काका त्यातलेच. दाखल्यावर १ जून १९४७. आजीचा हिशेब मात्र वेगळा. रामदास बोट १७ जुलै १९४७ ला, गटारी अमावास्येच्या दिवशी, भाऊच्या धक्क्यावरून रेवसला जाताना बुडाली. सहाशेहून जास्त माणसे गेली. आजी म्हणायची, "रामदास बुडाली तवा हा पोटातपण नव्हता. पुढच्या नारळी पुनवेचा हा." म्हणजे ऑगस्ट १९४८. आजी मासळी घेऊन बाजारात जायची, पोराला सांभाळायला कुणी नाही, म्हणून १९५३ मध्ये थोरल्या भावाबरोबर शाळेत बसवला. पहिलीला सहा वर्षे हवीत, तर गुरुजींनी सहा लिहिली.

काका राज्य सरकारच्या एका खात्यात कारकून होते. निवृत्ती अठ्ठावन्नाव्या वर्षी. (केंद्राने १९९८ मध्ये साठ केले, राज्याने तेव्हा केले नाही.) म्हणजे २००५ चा मे. आजीच्या हिशेबाने २००६ चा ऑगस्ट. पंधरा महिन्यांचा पगार, आणि चुलतभाऊ इंजिनिअरिंगला! २००३ मध्ये मीच हौसेने अर्ज लिहिला, आजीचे प्रतिज्ञापत्र जोडले. दोन ओळींत नामंजूर.

मला चेव चढला. मॅटमध्ये जाऊ म्हणून काकांना फोर्टातल्या एका वकिलांकडे नेले. त्यांनी आधी हरनाम सिंग खटला सांगितला. सर्वोच्च न्यायालयाने १९९३ मध्ये म्हटले होते की जुन्या नोकरदारांनीही तारीख वेळेत दुरुस्त करून घ्यायची, निवृत्ती जवळ आल्यावर नाही. मग सहज विचारले, "नोकरीला कधी लागलात?"

"जुलै १९६५."

"म्हणजे खऱ्या तारखेने किती वर्षांचे होतात?"

मी मनात मोजले. सोळा, सतरावे चालू. नोकरीला अठरा पूर्ण लागत होती. काका खाली बघत होते. त्यांनी केव्हाच मोजले होते.

परतताना ओहोटीमुळे मोऱ्याची लाँच दीड तास सुटली नाही. धक्क्यावर बसून काका म्हणाले, "त्या वर्षी तुझे आजोबा गेले. घरात खायला पाच तोंडं. तेव्हा ती तारीख खोटी आहे, असं मी कुणाला सांगितलं नाही. आता कुठल्या तोंडाने सांगू?"

"मग अर्जावर सही का केलीत?"

"तू एवढा लिहून आणलास म्हणून."

मला फार शरम वाटली. तरी अजूनही वाटते, लिहिली गुरुजींनी, गरज होती आजीची, आणि उत्तर द्यायचे काकांनी. हे बरोबर नाही. असो.

२०१२ मध्ये लष्करप्रमुख व्ही. के. सिंग यांचा वाद टीव्हीवर गाजत होता. मॅट्रिकच्या दाखल्यावर १९५१, एनडीएच्या अर्जावर १९५०. सर्वोच्च न्यायालयात गेले, फेब्रुवारीत याचिका मागे घेतली, ३१ मेला निवृत्त झाले. काका सगळ्या बातम्या बघायचे, बोलायचे काही नाहीत. एकदाच म्हणाले, "यांच्याकडे दाखला तरी होता. माझ्याकडे रामदास."

काकूने मागाहून सांगितलेली एक गोष्ट राहिली. ३१ ऑगस्ट २००६ ला, घरात गणपती असताना, काका इस्त्रीचे कपडे घालून सकाळच्या लाँचने मुंबईला गेले आणि संध्याकाळच्या लाँचने परत आले. कुठे गेला होतात म्हणून विचारले, तर म्हणाले, "काम होतं."