फिबाकची दुसरी इनिंग

प्रमोशन झालं की एक गंमत होते. कालपर्यंत स्वतः कोड लिहिणारा मित्र आज इतरांकडून लिहून घेतो आणि वैतागून म्हणतो, 'यार, खरं काम सुटलंच!' अशा मित्रांना मी हल्ली टेनिसवाल्या वोइचेख फिबाकची गोष्ट सांगते.

फिबाक पोलंडमधल्या पोझनानचा. कम्युनिस्ट राजवटीतल्या देशातून येऊन १९७७मध्ये तो जगात दहावा झाला. त्याआधी १९७६च्या मास्टर्स फायनलमध्ये मॅन्युएल ओरांतेसविरुद्ध दोन-एक सेट्सनी पुढे होता. चौथा सेट टायब्रेकमध्ये गेला, पाचवा ६-१ असा हातातून निसटला. एवढी मोठी ट्रॉफी सिंगल्समध्ये पुन्हा कधी त्याच्या इतकी जवळ आली नाही.

मग त्याने स्वतः खेळत असतानाच चेकोस्लोव्हाकियाच्या तरुण इव्हान लेंडलला हाताशी धरलं. अमेरिकेतल्या आपल्या घरी ठेवून घेतलं. नुसता स्लाइस मारणाऱ्या या पोराचा बॅकहँड टॉपस्पिनचा करून घेतला. जानेवारी १९८२, पुन्हा मास्टर्सची फायनल. लेंडल विटास गेरुलायटिसविरुद्ध पहिले दोन सेट हरला आणि तरीही मॅच जिंकला! १९८३मध्ये तो नंबर वन झाला.

पुढे लेंडल टोनी रोशकडे गेला. त्याच्या आठ ग्रँड स्लॅमपैकी बहुतेक तिथेच आली. तुमच्या टीममधला हुशार पोरगाही एक दिवस दुसरीकडे जाणार, हे ठरलेलंच. पण त्याच्या हातातला टॉपस्पिन तुम्ही दिलेला असतो, बॉस. हेही खरंच काम आहे.