मोबाईल गेममधला 'सी' ग्रेड, दुखणारा अंगठा आणि माझी चूक

आजचा लेख नेहमीपेक्षा थोडा वेगळा आहे. यात आजाराची माहिती आहेच, पण एक चूक माझीही आहे. ज्या मुलाबद्दल लिहितो आहे त्याची आणि त्याच्या आईची परवानगी घेतली आहे. ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत.

बाजाराच्या दिवशी कळमनुरीत माझ्या ओपीडीला गर्दी असते. अशाच एका दिवशी बाळापूरकडच्या गावातून एक ताई दहावीतल्या मुलाला घेऊन आल्या. तक्रार होती उजव्या अंगठ्याची. मी त्याला अंगठा मुठीत घ्यायला सांगितला आणि मनगट हळूच करंगळीकडे वाकवलं. "आई गं!" म्हणून तो ओरडला. मनगटाच्या अंगठ्याकडच्या बाजूला दोन स्नायूबंध एका अरुंद नळीतून जातात. तीच हालचाल पुन्हा पुन्हा केली की तिथलं आवरण सुजतं आणि स्नायूबंध घासायला लागतात. याला डी क्वेर्वेनचा आजार म्हणतात. धुणं पिळणाऱ्या बायका आणि बाळाला सतत उचलणाऱ्या आया यांच्यात तो मी नेहमी बघतो. अलीकडे मोबाईलवाल्या मुलांमध्येही दिसतो.

"काय करतोस रे या हातानं?"

तो गप्प. आईच बोलल्या, "डॉक्टरसाहेब, तुम्हीच सांगा ह्याला. दिवसरात तो गेम. कसला बेसबॉल का काय."

क्रिकेट सोडून बेसबॉल? मला नवल वाटलं. मग कळलं की तो शाळेच्या सॉफ्टबॉल संघात आहे. आपल्याकडच्या शालेय क्रीडा स्पर्धांत सॉफ्टबॉल आणि बेसबॉल दोन्ही असतात. संघातल्या एका मित्राने मोबाईलवरचा बेसबॉल दाखवला आणि त्याला नाद लागला. निघताना दारातून वळून त्याने विचारलं, "सर, कितीबी खेळलो तरी माझा ग्रेड सीच्या वर जात नाही. बोटाचा काही प्रॉब्लेम असंल का?"

मी हसलो. "मोबाईल बंद कर, सगळे प्रॉब्लेम जातील," म्हणालो आणि पुढच्या पेशंटला आत बोलावलं.

माझी चूक

पंधरा दिवसांनी बोलावलं होतं. तो आला नाही. महिनाभराने आई स्वतःच्या बीपीसाठी आल्या तेव्हा समजलं, मोबाईल काढून घेतला तर पोरगा रात्री सगळे झोपल्यावर पांघरुणात घेऊन खेळतो. अंगठा तसाच दुखतो, आता डोकंही दुखतं.

मुलाने मला एक खरा प्रश्न विचारला होता आणि मी त्याची थट्टा केली होती. त्या रात्री मी तोच गेम माझ्या मोबाईलवर घेतला, म्हटलं बघू तरी काय आहे. प्रत्येक सामना पाच-सहा मिनिटांचा. शेवटी एक अक्षर येतं: एस सगळ्यात वर, मग ए, बी, सी, डी. मला डी आला. पन्नाशीच्या माणसाला एक अक्षर किती लागू शकतं हे मला तेव्हा कळलं. "आणखी एकच" म्हणता म्हणता दीड वाजला. असं आठ-दहा दिवस चाललं.

मग एका सकाळी मेडिकलवाल्याचा फोन आला. "सर, बाळाचं सिरप तुम्ही दहा मिली लिहिलंय. पाच लिहायचं होतं ना?"

पाचच लिहायचं होतं. त्याने विचारलं म्हणून निभावलं. मी बाळाच्या वडिलांना परत बोलावून चिठ्ठी बदलून दिली आणि चूक माझी होती हेही सांगितलं. कारण मला माहीत होतं. मी चार तास झोपलो होतो. त्या संध्याकाळी ताईंना फोन केला, "मुलाला पाठवा. मोबाईल घेऊनच पाठवा."

ग्रेड म्हणजे नेमकं काय?

आम्ही दोघांनी त्याचा स्क्रीन नीट बघितला. ग्रेडचं अक्षर मोठं, चमकणारं. त्यावर बोट ठेवलं की खाली बारीक आकडे उघडतात: टायमिंग किती, बॅट चेंडूच्या मधोमध लागली किती वेळा, आणि सोडून द्यायच्या चेंडूला किती वेळा बॅट घातली. इतके दिवस त्याने ते उघडलेच नव्हते. खरं सांगायचं तर मीही नाही.

माझे पेशंट रिपोर्ट असाच बघतात. "साहेब, शुगर हाय आली." पण उपाशीपोटीची की जेवणानंतरची? तीन महिन्यांची सरासरी किती? ते न बघता उपाय ठरत नाही.

खऱ्या बेसबॉलमध्ये खेळाडू पारखणारे लोक २० ते ८० अशी मोजपट्टी वापरतात. ५० म्हणजे सरासरी. फलंदाजी, ताकद, धावणं, फेक आणि क्षेत्ररक्षण या पाच गोष्टींना ते वेगवेगळे आकडे देतात. सगळ्याची मिळून एक बेरीज सांगितली तर सराव कशाचा करायचा हे कळणार नाही.

मी त्याला एक वही दिली, डायबेटिसवाल्यांना देतो तशीच. दहा दिवस लिहायचं: सामना कितवा, किती वाजता, ग्रेड काय, आदल्या रात्री झोप किती, अंगठा दुखला का. खेळ कमी कर असं मी एकदाही म्हटलं नाही.

वहीत काय निघालं?

दिवसाचे पहिले तीन सामने बहुतेक बी. चौथ्यापासून सी. रात्री दहानंतर सी आणि डी. म्हणजे मुलगा 'सी'चा नव्हताच. तो ताजा असताना बी होता आणि दमल्यावर डी, दोन्हींची सरासरी सी येत होती. ग्रेड वाढवायला तो जास्त खेळत होता आणि जास्त खेळल्यामुळेच ग्रेड खाली येत होता.

याची कारणं शरीरातच आहेत.

१. डोळा, मेंदू, अंगठा. स्क्रीनवर काही दिसल्यापासून बोट हलेपर्यंत तरुण, ताज्या माणसालाही साधारण ०.२ ते ०.२५ सेकंद लागतात. खऱ्या मैदानावर ताशी १४५ किलोमीटरने आलेला चेंडू फलंदाजापर्यंत जवळपास ०.४ सेकंदात पोहोचतो. निम्मा वेळ नुसता 'दिसून कळण्यात' जातो. झोप कमी असेल तर हा वेळ वाढतो आणि मधूनच क्षणभर लक्ष पूर्ण सुटतं. टायमिंगच्या खेळात तेवढं पुरे आहे. चिठ्ठी लिहितानाही पुरे आहे, हे मी अनुभवलं.

२. सराव झोपेत मुरतो. दिवसभर बोटांनी शिकलेली हालचाल मेंदू रात्री झोपेत पक्की करतो. म्हणून संध्याकाळी न जमलेली गोष्ट कधी कधी सकाळी पहिल्या झटक्यात जमते. झोप तोडून केलेला सराव म्हणजे विरजण लावून भांडं सारखं हलवत राहणं. १३ ते १८ वयाच्या मुलांना ८ ते १० तास झोप हवी. हा मुलगा साडेपाच तास झोपत होता.

३. सगळ्याच चेंडूंना बॅट. बेसबॉलमध्ये फलंदाजासमोर एक ठराविक चौकट असते. तिच्या बाहेरचा चेंडू सोडला तर तुमचा फायदा. असे चार चेंडू सोडले की पहिला बेस फुकट मिळतो. आमचे चिरंजीव मात्र क्रिकेटच्या सवयीने प्रत्येक चेंडूवर तुटून पडत. टेड विल्यम्स या अमेरिकन फलंदाजाने आपल्या पुस्तकात या चौकटीचे ७७ भाग पाडले आणि प्रत्येक भागातल्या चेंडूवर आपली सरासरी काय पडेल ते मांडलं. मधोमध ०.४००, तर खालच्या बाहेरच्या कोपऱ्यात फक्त ०.२३०. माणूस तोच, बॅट तीच; फरक चेंडू निवडण्याचा. १९४१च्या हंगामात त्याची सरासरी ०.४०६ होती, आणि तो फार गाजलेला हंगाम मानतात. म्हणजे इतका मोठा खेळाडूही १०० पैकी ५९ वेळा अपयशीच ठरला. हे ऐकून मुलगा बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "म्हणजे सर, सारखं आऊट होणं नॉर्मल आहे?"

४. वरखाली होणारच. एकदा त्याला 'ए' मिळाला होता. तेव्हा तो ओट्यावर बसला होता, म्हणून पुढे रोज ओट्यावरच बसायचा. तरी पुन्हा सीच. यात ओट्याचा दोष नाही. एखादा निकाल फार चांगला किंवा फार वाईट आला की पुढचा बहुतेक वेळा आपल्या नेहमीच्या पातळीकडे सरकतो. कोणी घाईत जिना चढून येतो आणि बीपी जास्त भरतं. म्हणून मी पाच मिनिटं बसवून पुन्हा मोजतो आणि दुसऱ्या दिवशीही मोजतो. एका आकड्यावर आयुष्यभराची गोळी ठरवत नाही. एका सामन्यावर स्वतःची किंमतही ठरवू नये.

५. काही भाग आपला नसतो. मोबाईल जुना, चार्जिंगला लावून तापलेला, बॅटरी सेव्हर चालू, त्यात गावातलं नेट. बोट वेळेवर पडतं, पण स्क्रीन उशिरा ऐकतो. बीपीच्या मशीनचा पट्टा दंडाला लहान पडला तर आकडा चुकीचा जास्त येतो, तसंच हे.

आम्ही काय ठरवलं?

- दिवसाला जास्तीत जास्त तीन-चार सामने, रात्री नऊच्या आधी. वहीत लिहायचेच.
- झोपताना मोबाईल आईच्या खोलीत. हे आईने नव्हे, त्याने स्वतः वही बघून सुचवलं.
- मोबाईल टेबलावर टेकवून खेळायचं, एका हातात धरून अंगठ्याने नाही.
- अंगठ्याला आधार देणारा पट्टा तीन आठवडे, बर्फाचा शेक, गरजेपुरती औषधं. एवढ्याने बरं वाटलं नाही तर इंजेक्शनचा विचार.
- दर २० मिनिटांनी २० फुटांवरच्या वस्तूकडे २० सेकंद बघायचं.
- आठवडाभर एकच लक्ष्य: चौकटीबाहेरचा चेंडू सोडायचा. ग्रेडकडे बघायचं नाही.
- रोज संध्याकाळी मैदानावर, उजेड असेपर्यंत.

डोळेही तपासून घेतले. लांबचा नंबर निघाला. जवळच्या स्क्रीनवर त्याचा त्रास होत नव्हता, पण फळा अंधुक दिसायचा आणि मैदानावर लांबून येणारा चेंडू उशिरा कळायचा. घरी कोणाच्या लक्षात आलं नव्हतं. मुलगा मोबाईल फार जवळ धरत असेल, टीव्हीसमोर जाऊन बसत असेल, डोळे बारीक करून बघत असेल तर तपासणी करून घ्या.

सवय कुठे संपते, आजार कुठे सुरू होतो?

गेम खेळणारं प्रत्येक मूल आजारी नसतं. जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या ११व्या यादीत 'गेमिंग डिसऑर्डर' आहे. ही यादी १ जानेवारी २०२२पासून लागू झाली. त्यात तीन गोष्टी बघतात: खेळण्यावरचा ताबा सुटणं, बाकी सगळ्यापेक्षा गेम मोठा होणं आणि नुकसान दिसत असूनही न थांबणं. हे साधारण वर्षभर चालू असेल आणि शाळा, घर, मैत्री यांवर ठळक परिणाम होत असेल तर त्याला आजार म्हणतात. घरच्यांच्या मोबाईलवरून चोरून गेममध्ये पैसे भरणं, जेवण टाळणं, मोबाईल काढल्यावर मारहाण किंवा जीव देण्याची भाषा, असं काही दिसलं तर वर्षाची वाट बघू नका. टेली-मानसचा १४४१६ हा सरकारी क्रमांक मोफत आहे, किंवा जवळच्या डॉक्टरांना भेटा.

पुढे काय झालं?

अंगठा सहा आठवड्यांत बरा झाला. ग्रेड बीवर स्थिरावला, कधीमधी ए येतो. चष्मा लागला. सॉफ्टबॉलमध्ये तालुक्याच्या सामन्यात तो खेळला; संघ हरला, पण दोन वेळा तो चेंडू सोडून बेसवर गेला, हे त्याने मला येऊन सांगितलं.

"सर, तुमचा ग्रेड किती आला आता?" त्याने विचारलं.

"डीच आहे."

"वही लिहिता का?"

लिहीत नव्हतो. आता लिहितो, पण गेमची नाही, झोपेची. साडेदहाला मोबाईल बंद. मेडिकलवाल्याला सांगून ठेवलंय, काही शंका आली की फोन करत जा, मला राग येणार नाही.

आई-वडिलांना एकच विनंती. मूल एखाद्या 'फालतू' गोष्टीबद्दल मनापासून विचारत असेल तर माझ्यासारखं हसून वाटेला लावू नका. शेजारी बसा आणि त्या अक्षराखालचे बारीक आकडे त्याच्यासोबत उघडून बघा.

(हा लेख सर्वसाधारण माहितीसाठी आहे. अंगठा, डोळे किंवा झोपेचा त्रास असेल तर आपल्या डॉक्टरांकडून तपासून घ्या.)