क्लापरोटला दिसलेले वेडे

ओळखीच्या घोटाळ्यावर बेतलेल्या प्रहसनात सामान्यतः एका व्यक्तीला दुसरीच समजले जाते. जुळे भाऊ, बदललेला वेष ही त्याची ठरलेली साधने. कार्ल लाउफ्स आणि विल्हेल्म याकोबी यांच्या ‘पेन्झिओन श्योलर’ (1890) या जर्मन नाटकात यांपैकी कशाचीच गरज पडत नाही. माणसे आहेत तीच राहतात. बदलते ती पाहणाऱ्याने त्यांना लावलेली पाटी.

जमीनदार क्लापरोटला वेड्यांचे इस्पितळ आतून पाहायचे आहे. गावी मित्रांत सांगायला काही हवे, एवढेच. पुतण्या त्याला बर्लिनमधील एका साध्या निवासगृहात नेतो. मग तिथला निवृत्त मेजर, कादंबरीसाठी सामग्री जमवणारी लेखिका, प्रवासवेडा गृहस्थ, सारेच त्याला रुग्ण वाटू लागतात. ऑयगेन र्‍युम्पेलला नट व्हायचे आहे, पण त्याच्या तोंडी ‘ल’चा ‘न’ होतो. माझे जर्मन बेताचे. तरी ध्वनिचित्रफितीवर प्रयोग पाहताना पहिले हसू आले ते इथेच. मराठीत लिंबू-निंबू ही जोडी बोलीभेद म्हणून सुखाने नांदते; क्लापरोटला तेवढा वर्णबदल निदानाला पुरतो.

27 ऑक्टोबर 1953 रोजी कोलोनच्या मिलोविच नाट्यगृहातून ‘डेर एटापेनहाझे’ या प्रहसनाचे दूरचित्रवाणीवर थेट प्रक्षेपण झाले. पुढे रंगमंचावरची दारे आणि प्रेक्षागृहातला हशा यांसह नाटक घरोघरी पोचवण्याची रीत तिथे रुळली. माध्यमाची जाण नसल्याचे हे लक्षण, असे कोणी म्हणेल. मला मात्र अशा कथानकाला हीच रीत मानवते असे वाटते. कॅमेरा फार जवळ गेला की एकच चेहरा उरतो. फसणारा आणि फसवणारा एकत्र दिसले नाहीत, तर प्रेक्षकाचे जाणतेपण लंगडे पडते.

याकोबींचे चिरंजीव गेओर्ग याकोबी यांनी या नाटकावर 1930, 1952 आणि 1960 असे तीनदा चित्रपट केले. पहिल्या दोहोंच्या मधल्या काळात, 1940-41 मध्ये, नाझी राजवटीने ‘टी-4’ मोहिमेत 70,000हून अधिक मनोरुग्ण व अपंग ठार मारले. कोणाला मारायचे हे तज्ज्ञ डॉक्टरांनी बहुधा रुग्णाला न पाहताच, भरून आलेल्या नोंदपत्रकांवरून ठरवले. क्लापरोट निदान जाऊन पाहतो तरी. अर्धशतक आधीच्या संहितेवर हा भार टाकणे अन्यायाचे होईल. नंतरच्या प्रयोगांतला हशा ऐकताना तो मनातून जात मात्र नाही. त्या हशाचे लक्ष्य पाटी लावणारा आहे, हा मला नाटकाचा मोठा गुण वाटतो. हेच ‘रुग्ण’ पुढे क्लापरोटच्या घरी पाहुणे म्हणून येऊन थडकतात आणि त्याची घाबरगुंडी उडते. खरा मनोरुग्ण या साऱ्या धावपळीत रंगमंचावर कुठेच नसतो.